जुन्या स्विचवर फर्मवेअर चढवण्याआधी त्याची विजेची वायर एकदा काढून बघा

प्रश्न थोडक्यात असा. तालुक्याच्या गावातलं कॉलेज, तिथे सिस्कोचे कॅटलिस्ट 2960 जातीचे 24 पोर्टांचे सहा स्विच, म्हणजे संगणक एकमेकांना जोडणाऱ्या पेट्या. फर्मवेअर, म्हणजे स्विच चालवणारा आतला प्रोग्रॅम, चारांवर 12.2(35)एसई5 आहे, दोनांवर 12.2(55)एसई3. गेल्या साडेचार वर्षांत एकही बंद झालेला नाही. ऑडिटमध्ये ‘फर्मवेअर कालबाह्य’ असा शेरा आलाय आणि नव्या लॅपटॉपवरून एसएसएच, म्हणजे स्विचवर दुरून सुरक्षितपणे शिरायची वाट, लागत नाही. विचारणाऱ्याला तीन गोष्टी हव्यात: थेट 15.0(2)एसई वर जाता येतं का, फाइल कुठून आणायची, आणि मध्येच बिघडलं तर काय करायचं.

पहिल्याचं उत्तर सोपं आहे. हो, थेट जाता येतं, या मॉडेलला मधली पायरी लागत नाही. बाकीच्यासाठी जरा बसावं लागेल. कमांड मी उच्चाराप्रमाणे देवनागरीत लिहितोय, टाइप अर्थातच इंग्रजीत करायच्या.

तुम्ही लिहिलेल्यात मला सगळ्यात जास्त खटकलं ते 12.2 नाही, साडेचार वर्षांचा अपटाइम. लोक हा आकडा कौतुकाने सांगतात, मला तो ऐकून धास्ती वाटते. या स्विचमध्ये इमेज, म्हणजे फर्मवेअरची फाइल, फ्लॅशमधून (आतल्या कायमच्या साठवणीतून) फक्त चालू होताना वाचली जाते. एकदा उलगडून रॅममध्ये गेली की पुढे सगळं रॅममधूनच चालतं. म्हणजे फ्लॅश दोन वर्षांपूर्वीच खराब झाली असेल तरी स्विच गुण्यागोविंदाने चालत राहतो आणि कोणाला पत्ता लागत नाही. पॉवर सप्लायचंही तेच. आतले कपॅसिटर सुकत आलेले असतात, गरम आहेत तोवर काम निभावतात. एकदा थंड पडले की उठत नाहीत. आणि तिसरं, कोणीतरी तीन वर्षांपूर्वी पोर्ट बदलले आणि ‘राइट मेमरी’, म्हणजे बदल सेव्ह करायची कमांड, द्यायला विसरला. ते सगळं फक्त रनिंग कॉन्फिगमध्ये, म्हणजे रॅममधल्या चालू मांडणीत, तरंगतंय.

आता अशा स्विचवर तुम्ही फर्मवेअर चढवलंत, रीलोड दिलंत आणि तो उठलाच नाही, तर दोष कोणाचा ठरणार? फर्मवेअरचा आणि तुमचा. खरं कारण कदाचित पाच रुपयांचा कपॅसिटर असेल. म्हणून माझा नियम आहे की आधी जुन्याच फर्मवेअरवर स्विच बंद करून चालू करायचा. नुसतं ‘रीलोड’ देऊन भागत नाही, कारण त्यात पॉवर सप्लाय थंड होत नाही. वायर काढा, दहा मिनिटं चहा घ्या, परत लावा. उठला तर आठवडाभराने फर्मवेअरला हात घाला. नाही उठला तर फर्मवेअरचा प्रश्नच मिटला, नवा स्विच मागायला सबळ कारण मिळालं.

अर्थात वायर काढायच्या आधी बॅकअप. ‘शो रनिंग-कॉन्फिग’ आणि ‘शो स्टार्टअप-कॉन्फिग’ दोन्ही मजकूर लॅपटॉपवर घ्या आणि शेजारी शेजारी ठेवून फरक बघा. फरक दिसला तर लगेच सेव्ह करू नका, कोणी आणि का केला ते आधी विचारा. मग सेव्ह करा. बहुतेकजण इथे थांबतात आणि इथेच फसतात. 2960 मूळ अवस्थेत व्हीटीपी सर्व्हर मोडमध्ये असतो (व्हीलॅन म्हणजे स्विचवर पाडलेलं वेगळं आभासी नेटवर्क, आणि व्हीटीपी म्हणजे स्विचांना आपापसात व्हीलॅनची यादी वाटणारी सोय) आणि त्या मोडमध्ये व्हीलॅनची यादी कॉन्फिगमध्ये लिहिलेली नसते. ती फ्लॅशमधल्या व्हीलॅन-डॉट-डॅट नावाच्या वेगळ्या फाइलीत असते. ही फाइल उडाली आणि तुम्ही जपून ठेवलेलं कॉन्फिग नव्याने पेस्ट केलंत, तर ॲक्सेस पोर्टांवरच्या (ज्यांत संगणक वगैरे लागतात त्या) व्हीलॅन आपोआप तयार होतील, पण त्यांची नावं गेलेली असतील. ज्या व्हीलॅन त्या स्विचवर नुसत्या एका ट्रंकमधून (अनेक व्हीलॅन एकत्र नेणाऱ्या जोडातून) दुसऱ्या ट्रंकमध्ये जातात त्या तयारच होणार नाहीत. स्विच वरून ठणठणीत दिसतो आणि पलीकडच्या इमारतीतले फोन मुके होतात. तेव्हा ‘कॉपी फ्लॅश:व्हीलॅन.डॅट टीएफटीपी:’ करून तीही फाइल बाहेर काढा (टीएफटीपी म्हणजे नेटवर्कवरून फाइल पाठवायची साधी पद्धत). सोबत ‘शो व्हीलॅन ब्रीफ’ आणि ‘शो सीडीपी नेबर्स’ची (शेजारी कुठलं उपकरण जोडलंय ती यादी) प्रत, आणि रॅकचा मोबाइलवर काढलेला फोटो. कुठली वायर कुठल्या पोर्टात होती हे नंतर कोणालाही आठवत नाही.

मग फाइलीचं नाव वाचायला शिका, कारण अर्ध्या चुका तिथेच होतात. ‘शो व्हर्जन’मध्ये इमेजचं नाव दिसतं, उदाहरणार्थ सी2960-लॅनबेस-एमझेड आणि पुढे आवृत्तीचा आकडा. सी2960 हे कुळ. 2960-एस आणि 2960-एक्स ही नावाने भावंडं असली तरी त्यांच्या इमेज वेगळ्या, एकाची दुसऱ्यावर उठत नाही. लॅनबेस हा सुविधांचा संच. तुमच्या मॉडेलच्या नावाच्या शेवटी एल असेल तर लॅनबेस, एस असेल तर लॅनलाइट. हा शेवटचा एस आणि 2960-एस मधला एस यांचा एकमेकांशी काही संबंध नाही, नावं ठेवणाऱ्यांनी गोंधळ करून ठेवलाय खरा. एम म्हणजे रॅममधून चालते, झेड म्हणजे दाबून बसवलेली आहे. आणि सगळ्यात महत्त्वाचं अक्षर के9. ते असेल तरच इमेजमध्ये एन्क्रिप्शन, म्हणजेच एसएसएच.

तुमच्या एसएसएचच्या तक्रारीचा उलगडा इथे होतो. तुम्ही लिहिलंय की चार स्विच ‘कनेक्शन रिफ्यूज्ड’ म्हणतात आणि दोन ‘नो मॅचिंग की एक्स्चेंज मेथड’ म्हणतात. हे दोन वेगळे आजार आहेत. पहिल्या चारांच्या नावात के9 नाही, म्हणजे तिथे एसएसएच मुळात नाहीच, तुम्ही आजवर टेलनेटनेच, म्हणजे एन्क्रिप्शन नसलेल्या जुन्या वाटेने, जात होता. उरलेल्या दोघांत एसएसएच आहे, पण जुन्या पद्धतीचं. त्याला येणारी डिफी-हेलमन ग्रुप 1 सारखी गुप्त किल्ली ठरवायची चाल नव्या ओपनएसएसएचने नाकारायला सुरुवात करून बरीच वर्षं झाली आणि 2021 च्या 8.8 आवृत्तीपासून एसएचए-1 वाली आरएसए सहीसुद्धा (स्विच आपली ओळख पटवायला करतो ती) मुळात बंद असते. 15.0(2)एसई वर गेल्याने पहिल्या चारांना एसएसएच मिळेल, पण ही सहीची अडचण 2960 वर कायम राहणार. लॅपटॉपच्या एसएसएच कॉन्फिगमध्ये फक्त या सहा पत्त्यांपुरती जुनी पद्धत चालू करा. सगळ्या जगासाठी करू नका.

आता एक गंमत, जी मी स्वतःही उशिरा शिकलो. फर्मवेअर नवं चढवलं की सुरक्षितता आपोआप वाढते असं नाही. 2960 मध्ये स्मार्ट इन्स्टॉल नावाची सोय 12.2(52)एसई पासून आली. नवा स्विच लावला की त्याने दुसऱ्या एका मुख्य स्विचकडून आपली इमेज आणि कॉन्फिग आपणच उचलावं, अशी कल्पना. त्यासाठी टीसीपी पोर्ट 4786 उघडा असतो, मूळ अवस्थेतच, कोणताही पासवर्ड न विचारता. मार्च 2018 मध्ये याच सोयीतलं सीव्हीई-2018-0171 या क्रमांकाचं सुरक्षेचं भोक जाहीर झालं आणि पुढच्याच महिन्यात रशिया आणि इराणमधल्या कित्येक स्विचचं कॉन्फिग पुसून तिथे अमेरिकेच्या झेंड्याचं चित्र ठेवलं गेलं. गोष्ट जुनी झाली म्हणाल, तर ऑगस्ट 2025 मध्ये एफबीआयने पुन्हा इशारा दिला की रशियन गुप्तचर यंत्रणेशी जोडलेली टोळी हेच भोक अजून वापरतेय. तुमच्या 12.2(35) वाल्या चार स्विचवर ही सोय नाहीच, पण तुम्ही त्यांना 15 वर नेलंत की तो दरवाजा उघडणार. 12.2(55) वाल्या दोघांवर आजही उघडा असणार. तेव्हा नवी इमेज उठल्यावर पहिली कमांड ‘नो व्हीस्टॅक’, तिने स्मार्ट इन्स्टॉल बंद होतं, मग ‘शो व्हीस्टॅक कॉन्फिग’ने खात्री. आणि टेलनेट बंद. 2017 मध्ये सिस्कोच्या 318 मॉडेलांत टेलनेटवरून थेट ताबा मिळवता येण्यासारखं भोक निघालं होतं, त्यावर तात्पुरता उपायसुद्धा टेलनेट बंद करणं हाच होता.

फाइल कुठून? सेवा करार असेल तर सिस्कोच्या संकेतस्थळावरून. नसेल तर लोक सरळ कुठल्यातरी ड्राइव्हवरून उचलतात. ते करू नका. कराराशिवायही एक रस्ता आहे आणि तो फार थोड्यांना माहीत असतो. सुरक्षेचं भोक जाहीर करणाऱ्या सूचनेत सुधारित आवृत्ती दिलेली असेल, तर स्विचचा सिरियल नंबर आणि त्या सूचनेचा दुवा देऊन सिस्कोच्या तांत्रिक मदत केंद्राकडे इमेज मागून बघता येते. वेळ लागतो, ईमेलची दोन-चार ये-जा होते, पण फाइल खरी असते. मिळाल्यावर तिचा एमडी5 आकडा, म्हणजे फाइलचा ठसा, डाउनलोडच्या पानावरच्या आकड्याशी ताडून बघा. विंडोजवर ‘सर्टयुटिल’ने निघतो. (एचपीचे प्रोकर्व्ह स्विच वापरणाऱ्यांना हा त्रास कमी. तिथे अपडेट फुकट असतात आणि फ्लॅशमध्ये प्रायमरी-सेकंडरी अशा दोन इमेज शेजारी राहतात. हेवा वाटतो.)

सिरियल नंबरावरून आठवलं. मुंबईच्या लॅमिंग्टन रोडवरून किंवा ऑनलाइन जुना स्विच घेतला असेल तर तो खरा आहे का ते आधी बघा. 2020 मध्ये एफ-सिक्युअर या संगणक-सुरक्षा कंपनीने बनावट 2960-एक्स स्विचवर अहवाल प्रसिद्ध केला होता. एका कंपनीकडचे स्विच बनावट आहेत हे उघड कसं झालं, तर फर्मवेअर अपग्रेड केल्यावर ते बंद पडले म्हणून. तोवर ते व्यवस्थित काम करत होते.

प्रत्यक्ष चढवणं हा सगळ्यात कंटाळवाणा भाग आहे, आणि कंटाळवाणाच असायला हवा. ‘डिर फ्लॅश:’ द्या. शेवटच्या ओळीत एकूण 32514048 बाइट आणि त्यापुढे मोकळी जागा दिसेल. 15.0(2)एसईची बिन फाइल साधारण 11-12 एमबीची, तेव्हा जुनी न पुसता नवी बसायला हरकत नाही. बिन ‘कॉपी’ने नुसती आणली तर ती कुठल्या कुळाची आहे हे स्विच तपासत नाही. टार फाइल (इमेज आणि तिची माहिती एकत्र बांधलेली) ‘आर्काइव्ह डाउनलोड-एसडब्ल्यू’ने आणली तर तपासतो आणि चुकीची असेल तर नाकारतो. म्हणून टार. सोबत ‘/लीव्ह-ओल्ड-एसडब्ल्यू’ म्हणजे जुनी इमेज राहते आणि ‘/इमेजओन्ली’ म्हणजे ब्राउझरच्या पानांचा पसारा येत नाही. ‘/ओव्हरराइट’ हा शब्द कितीही मोह झाला तरी वापरू नका. लॅपटॉपवर टीएफटीपी सर्व्हर चालू करा, विंडोजची फायरवॉल यूडीपी 69 अडवते हे लक्षात ठेवा (दर वेळी पंधरा मिनिटं इथे जातात, माझीही), आणि पडद्यावर उद्गारचिन्हांची रांग धावताना बघत बसा. ठिपके दिसले तर दोष वायरचा किंवा वायफायचा. लॅपटॉप वायरनेच जोडा.

संपल्यावर ‘शो बूट’. तिथे नव्या इमेजचा पूर्ण मार्ग दिसला पाहिजे. मी त्यात ‘बूट सिस्टिम’ने अर्धविराम देऊन मागे जुन्या इमेजचाही मार्ग जोडतो. पहिली उचलता आली नाही तर स्विच दुसरी उचलतो. एवढ्या एका अर्धविरामाने दोनदा माझी रात्र वाचवलीये.

तो नव्हता तेव्हाचीही एक रात्र सांगतो. एका कारखान्यात, फ्लॅशमध्ये जागा कमी म्हणून मी जुनी इमेज आधी पुसली आणि नवी आणायला लावली. अर्ध्यावर लाइट गेली. यूपीएस होता, त्याच्या बॅटऱ्या नुसत्या शोभेच्या निघाल्या. लाइट आल्यावर कन्सोलवर (स्विचला थेट वायरीने जोडलेल्या पडद्यावर) ‘स्विच:’ एवढाच शब्द आणि पुढे लुकलुकणारा कर्सर. इमेज नाही, नेटवर्क नाही, म्हणून टीएफटीपीही नाही. उरतो एक्समोडेम, फाइल पाठवायची जुनी संथ पद्धत, तोही त्या निळ्या चपट्या कन्सोल वायरीतून. 9600 बॉड म्हणजे सेकंदाला जेमतेम 960 बाइट, आणि इमेज नऊ एमबीच्या वर. सव्वातीन तास मी केबलच्या रिकाम्या लाकडी ड्रमवर बसून होतो. रात्रपाळीचा फोरमन दर अर्ध्या तासाने येऊन ‘साहेब, किती राहिलं?’ विचारायचा. त्या ‘स्विच:’ प्रॉम्प्टवरच ‘सेट बॉड 115200’ दिलं असतं आणि टर्मिनलचा वेगही तेवढा केला असता तर हेच काम वीसेक मिनिटांत झालं असतं, हे मला दुसऱ्या दिवशी कळलं. तुम्हाला आज कळलंय. क्रम असा: ‘फ्लॅश_इनिट’, मग वेग, मग ‘कॉपी एक्समोडेम:’, मग ‘बूट’. शेवटी वेग परत 9600 वर आणा, नाहीतर पुढच्या माणसाला कन्सोलवर नुसती कचरा अक्षरं दिसतील आणि तो तुम्हाला शिव्या घालेल.

तिसऱ्या प्रश्नाचं उत्तर त्यातच आलं. काम सुरू करण्याआधी कन्सोल वायर लावलेली आणि चालते याची खात्री केलेली असली पाहिजे, स्विच पाचव्या मजल्यावर असला तरी. दुरून अपग्रेड करून ‘पिंग येत नाहीये’ म्हणत घामाघूम होण्यात काही अर्थ नाही. आणि तुमच्या भागात दुरुस्तीसाठी ज्या वारी लाइट जाते तो वार सोडून दिवस धरा.

रीलोड दिल्यावर कन्सोलवर @ चिन्हांच्या ओळी येतात, ती इमेज उलगडत असते. हा स्विच दोन-तीन मिनिटांत उठतो. पण 2960-एक्स किंवा 3750-एक्स असेल तर पहिल्या बूटला तो फ्रंट-एंड मायक्रोकोड नावाचा आतला छोटा प्रोग्रॅम बदलत बसतो, ‘वीज बंद करू नका’ असा इशाराही देतो, आणि बराच वेळ घेतो. अडकला असं समजून तेव्हा वायर ओढणारे लोक मी पाहिलेत. स्विच उठल्यावरही ज्या पोर्टांवर पोर्टफास्ट (पोर्ट लगेच चालू करणारी सोय) नाही तिथे स्पॅनिंग ट्रीची, म्हणजे नेटवर्कमध्ये वर्तुळ होत नाही ना हे बघणाऱ्या तपासणीची, तीस सेकंदं जातात. त्या तीस सेकंदांत ‘नेट गेलं’ म्हणून येणारे फोन उचलू नका.

मग ‘नो व्हीस्टॅक’, डोमेन नाव देऊन 2048 बिटांची आरएसए की तयार करणं (जुना प्रोसेसर आहे, कीला वेळ लागतो), ‘आयपी एसएसएच व्हर्जन 2’, व्हीटीवाय लाइनवर (दुरून शिरायच्या वाटांवर) ‘ट्रान्सपोर्ट इनपुट एसएसएच’ आणि फक्त तुमच्या व्यवस्थापनाच्या व्हीलॅनमधून प्रवेश देणारी ॲक्सेस लिस्ट. ब्राउझरचा एचटीटीपी सर्व्हर बंद. पासवर्ड मात्र आठवडाभर बदलू नका. 15 मालिकेतल्या काही आवृत्त्या नवा पासवर्ड टाइप 4 नावाच्या पद्धतीने साठवतात. ती कच्ची निघाली हे सिस्कोने 2013 मध्ये मान्यही केलं. आणि जुन्या 12.2 ला ती पद्धत कळतच नाही, म्हणजे मागे जायची वेळ आली तर स्वतःच्याच स्विचबाहेर उभे राहाल. सगळं स्थिर झालं की नवा पासवर्ड ठेवा आणि कॉन्फिगमध्ये त्यापुढचा आकडा 5 आहे ना ते बघा.

ऑडिटवाल्यांना काय लिहायचं? खरं ते लिहा. 15.0(2)एसई ही या मॉडेलची शेवटची मालिका आहे, त्यापुढे काही येणार नाही. तेव्हा ‘उपलब्ध असलेली अखेरची आवृत्ती बसवली, टेलनेट आणि स्मार्ट इन्स्टॉल बंद केलं, प्रवेश एका व्हीलॅनपुरता ठेवला, आणि स्विच बदलण्याचा प्रस्ताव अमुक अंदाजपत्रकात टाकला’ असं चार ओळींत द्या. नुसतं ‘अपग्रेड केलं’ लिहिलंत तर पुढच्या वर्षी तोच शेरा परत येईल.

सहांपैकी सुरुवात ग्रंथालयातल्या किंवा प्रयोगशाळेतल्या स्विचपासून, सुट्टीच्या दिवशी. तो आठवडाभर चालू द्या, लॉगमध्ये नवीन काही कुरकुर दिसते का बघा, मग पुढचे चार दोन-दोन करून. सगळ्या ट्रंक ज्यात येतात तो आणि प्राचार्यांच्या केबिनचा स्विच एकच असेल, बहुतेक ठिकाणी असतोच, तर तो सगळ्यात शेवटी.